वाचकांचे प्रश्न : वरच्या मजल्यावरच्या मुली आणि आपल्या मनातले साचे

गेल्या अंकात बडोद्यात शिकायला आलेल्या आफ्रिकन मुलींवर आणि कृष्णवर्णीय स्त्रियांबद्दलच्या ठरीव समजुतींवर लेख आला होता. त्यावर बरीच पत्रं आली. त्यातली आठ इथे घेतली आहेत. पत्र लिहिणाऱ्यांची नावं छापलेली नाहीत. समाजशास्त्र शिकवणारे, दवाखान्यात काम करणारे आणि केसांचं काम जाणणारे अशा मंडळींनी मिळून उत्तरं दिली आहेत.

दांडिया बाजारात आमचं जुनं घर आहे. वरच्या दोन खोल्या रिकाम्या आहेत. दलालानं विद्यापीठात शिकणाऱ्या टांझानियाच्या दोन मुली दाखवल्या. मला मुली चांगल्या वाटल्या, पण शेजारच्या वहिनी म्हणतात, ‘अशा मुलींचं काही खरं नसतं, उद्या वाड्याचं नाव जाईल.’ दलाल सांगतो, डिपॉझिट दुप्पट घ्या. काय करावं?

ताई, खोल्या जरूर द्या. डिपॉझिट मात्र आधीच्या भाडेकरूकडून घेतलं होतं तेवढंच घ्या. दुप्पट डिपॉझिट घेणं म्हणजे मुलींनी काही करायच्या आधीच त्यांना दंड लावणं.

वहिनींनी कुणा आफ्रिकन मुलीला जवळून पाहून हे मत बनवलेलं नाही. हा समज तीनशे वर्षांपेक्षा जुना आहे आणि तो ज्यांनी रुजवला त्यांची त्यात सोय होती. १६६२ मध्ये अमेरिकेतल्या व्हर्जिनिया वसाहतीनं कायदा केला की मूल गुलाम की स्वतंत्र हे आईवरून ठरेल. मालकानं गुलाम बाईवर जबरदस्ती केली तरी होणारं मूल त्याच्याच मालमत्तेत जमा व्हायचं. तिच्यावरचा बलात्कार कायद्याच्या लेखी गुन्हाच नव्हता. मिझुरी राज्यात सीलिया नावाची एक गुलाम मुलगी होती. मालकानं कित्येक वर्षं अत्याचार केले, शेवटी तिच्या हातून तो मारला गेला. तिनं स्वतःचा बचाव केला हा मुद्दा न्यायाधीशानं ज्यूरीला विचारात घेऊच दिला नाही. १८५५ च्या डिसेंबरात तिला फाशी झाली. एवढा अन्याय रोज पचवायचा तर ‘ह्या बायकाच तसल्या’ असं म्हणणं मालकवर्गाला भाग होतं. युरोपही मागे नव्हता. दक्षिण आफ्रिकेच्या सारा बार्टमनला १८१० मध्ये लंडनमध्ये तिकीट लावून लोकांपुढे उभं केलं गेलं. १८१५ मध्ये ती पॅरिसमध्ये वारली, तेव्हा तिचं शरीर कापून सांगाडा आणि अवयव संग्रहालयात मांडले. तिचे अवशेष मायदेशी यायला २००२ साल उजाडलं.

तोच समज पुढे सिनेमांतून आणि इंटरनेटवरून आपल्या गल्लीत आला. जानेवारी २०१४ मध्ये दिल्लीच्या खिडकी एक्स्टेन्शनमध्ये मध्यरात्री जमावानं युगांडाच्या बायकांना वेश्याव्यवसायाच्या नुसत्या संशयावरून घेरलं. जानेवारी २०१६ च्या अखेरीस बंगळुरूत टांझानियाच्या एका विद्यार्थिनीला जमावानं मारहाण केली, तिचे कपडे फाडले. कारण काय, तर थोड्या वेळापूर्वी दुसऱ्याच देशाच्या, तिच्या ओळखीच्याही नसलेल्या एका माणसाच्या गाडीखाली एक बाई सापडली होती. तुमच्याकडे येणाऱ्या मुलींना ह्या दोन्ही गोष्टी माहीत असणार. म्हणून त्या रिक्षात मागे बसून घरी पोहोचेपर्यंत मैत्रिणीशी फोन चालू ठेवतात, कपडे दहा वेळा विचार करून निवडतात, जिन्यात कुणी दिसलं की हसायचं की नाही हेही ठरवतात. हसलं तर ‘सलगी करते’, नाही हसलं तर ‘माजोरी’. असं वर्षभर चाललं की मुलगी मूळची कशी होती हे तिच्या वर्गातल्यांनाही कळत नाही.

आता कागदपत्रं. पासपोर्ट आणि व्हिसाची प्रत, विद्यापीठाचं बोनाफाइड पत्र आणि इथला एक संपर्क क्रमांक घ्या. अकरा महिन्यांचा लेखी करार करा. परदेशी व्यक्ती राहायला आल्यापासून २४ तासांच्या आत घरमालकानं इमिग्रेशन खात्याच्या पोर्टलवर नोंद करायची असते, आजवर आपण ज्याला सी फॉर्म म्हणत आलो ती. त्यासाठी पोर्टलवर तुमचं खातं आधी उघडून ठेवा. मुली सामान घेऊन दारात आल्यावर खातं उघडायला बसलात तर २४ तास त्यातच जातात. पोलीस ठाण्यातली भाडेकरूची नोंद वेगळी, तीही करा. व्हिसा १८० दिवसांपेक्षा जास्त मुदतीचा असेल तर भारतात आल्यापासून १४ दिवसांत विद्यार्थिनीला स्वतःची नोंदणी करावी लागते. तिला तुमच्या पत्त्याचा पुरावा लागेल, तो अडवू नका.

भांडणं बहुतेक वेळा तोंडी नियमांवरून होतात. पाहुणे किती वाजेपर्यंत, फाटक कधी बंद, मांसाहार चालेल की नाही, पाण्याची मोटर कोण लावणार, सगळं करारात लिहा. आणि तेच नियम उद्या साताऱ्याच्या मुलाला खोली दिली तरी लावा. पहिल्याच दिवशी मुलींना घेऊन वहिनींकडे जा, ‘ह्या आमच्या नव्या भाडेकरू, फार्मसी शिकतात’ एवढं सांगून चहा घ्या. नाव आणि विषय कळला की अफवेला जागा कमी उरते.

परदेशी शिकून आलेल्या बाबासाहेब आंबेडकरांना १९१७ मध्ये ह्याच बडोद्यात भाड्यानं खोली मिळाली नव्हती. शिक्षणाला पैसा महाराज सयाजीरावांनी दिला होता, नोकरीही दरबारचीच होती, तरी पारशी धर्मशाळेत नाव लपवून राहावं लागलं आणि कळल्यावर काठ्या घेऊन आलेल्या लोकांनी बाहेर काढलं. आपल्या गावात ‘खोली नाही’ म्हणणं कधीच किरकोळ नव्हतं.

मी एम. ए. समाजशास्त्र करते, फतेहगंजला राहते. लघुप्रबंधाचा विषय ‘आफ्रिकन विद्यार्थिनींची ओळख आणि साचेबंद प्रतिमा’ असा घेतला आहे. अमेरिकन पुस्तकांत चार-पाच प्रतिमा दिल्या आहेत. त्यांवरूनच प्रश्नावली करू का?

नको. त्या प्रतिमा नीट समजून घ्या, पण बडोद्यातल्या मुलींवर तशाच चिकटवू नका.

पॅट्रिशिया हिल कॉलिन्स ह्या समाजशास्त्रज्ञेनं १९९० मध्ये मांडलं की ह्या प्रतिमा निव्वळ गैरसमज नाहीत, त्या माणसाला ताब्यात ठेवायची साधनं आहेत. म्हणून प्रत्येक प्रतिमेला एकच प्रश्न विचारा : हिच्यामुळे कुणाचं काय सोपं झालं? ‘मॅमी’ म्हणजे मालकाच्या मुलांवर स्वतःच्या मुलांपेक्षा जास्त माया करणारी, हसतमुख, लठ्ठ स्वयंपाकीण. ती सुखात आहे असं दाखवलं की तिच्या मजुरीचा प्रश्नच मिटतो. १८८९ मध्ये अमेरिकेत धिरड्यांच्या तयार पिठावर ‘आंट जेमायमा’ हे नाव आलं, आणि १८९३ च्या शिकागो प्रदर्शनात नॅन्सी ग्रीन ह्या जन्मानं गुलाम असलेल्या बाईला त्या वेशात उभं करून पीठ विकलं. ते नाव आणि चित्र काढून टाकण्याची घोषणा २०२० मध्ये झाली, म्हणजे सव्वाशेहून जास्त वर्षं ते न्याहारीच्या टेबलावर होतं. ‘सफायर’ ही नवऱ्याला सतत फाडून खाणारी, तोंडाळ बायको. १९२८ मध्ये सुरू झालेल्या एका लोकप्रिय रेडिओ मालिकेतल्या पात्रावरून हे नाव पडलं. त्या मालिकेतल्या मुख्य कृष्णवर्णीय पुरुषांना आवाज गोरे नट देत. आज कचेरीत कृष्णवर्णीय बाईनं साधी हरकत घेतली तरी ‘चिडकी’ म्हणतात, त्यामागे ही सफायर उभी असते. अमेरिकी सरकारच्या १९६५ च्या मॉयनिहान अहवालानं कृष्णवर्णीय कुटुंबांच्या अडचणींचं मोठं खापर कुटुंब चालवणाऱ्या आईवर फोडलं. १९७६ च्या निवडणूक प्रचारात रोनाल्ड रेगन यांनी सरकारी मदतीवर चैन करणाऱ्या बाईची गोष्ट गावोगाव सांगितली. दोन्हींमुळे घरं, शाळा आणि पगार ह्यांवर बोलणं टळलं.

किंबर्ले क्रेनशॉ ह्या कायदेतज्ज्ञेचा १९८९ चा लेख वाचलाच पाहिजे. त्यातला जनरल मोटर्सचा खटला एकदा लक्षपूर्वक पाहा. कंपनीनं १९६४ पूर्वी एकही कृष्णवर्णीय बाई कामावर घेतली नव्हती. पुढे मंदी आली, ‘शेवटी आले ते आधी घरी’ असा नियम लागला, आणि १९७० नंतर घेतलेल्या सगळ्या कृष्णवर्णीय बायका गेल्या. पाच जणी कोर्टात गेल्या. १९७६ मध्ये कोर्ट म्हणालं, कंपनीत बायका आहेत, म्हणजे स्त्री म्हणून भेदभाव नाही. त्या बायका गोऱ्या होत्या. वंशाच्या तक्रारीसाठी कोर्टानं त्यांना कृष्णवर्णीय पुरुषांच्या खटल्याची वाट दाखवली. दोन्ही एकत्र मांडायची मुभा नाही. तुमच्या प्रबंधात ‘वंश’ असं एक प्रकरण आणि ‘लिंग’ असं दुसरं केलंत तर तुम्हीही तेच कराल.

आता इथलं. डार एस सलामहून आलेली मुलगी घरी असताना सुकुमा असते किंवा चग्गा, ख्रिस्ती किंवा मुसलमान, थोरली किंवा धाकटी. आपण ‘काळी’ आहोत ही तिची पहिली ओळख कधीच नव्हती. विमानातून उतरल्यावर ती ओळख दुसरे तिच्या अंगावर घालतात. अमेरिकेत जन्मलेल्या मुलीला हे लहानपणापासून कळलेलं असतं, आईनं तयारी करून घेतलेली असते. ह्या मुलीला विसाव्या वर्षी, परक्या भाषेत, एकटीनं शिकावं लागतं. तुमच्या अभ्यासाचा गाभा हा ठेवा.

मुलाखती आठ ते बारा पुरेत, पण प्रत्येकीला दोनदा भेटा. पहिल्या भेटीत बहुतेक जणी ‘सगळं छान आहे’ म्हणतात, कारण तुम्ही यजमान देशाच्या. पुरुष विद्यार्थी नेत्यामार्फत सगळ्या मुली गोळा करू नका, त्याला न आवडणाऱ्या मुली गळतात. मोझांबिक आणि अंगोलाच्या मुली पोर्तुगीजमध्ये मोकळ्या होतात, दुभाषी मैत्रीण त्यांनाच निवडू द्या. ‘तुम्हाला वंशभेद जाणवतो का?’ असं विचारू नका. ‘काल सकाळी खोलीतून निघाल्यापासून वर्गात बसेपर्यंत काय काय झालं ते सांगा’ असं विचारा. आणि प्रबंधात देश, शाखा, वर्ष तिन्ही एकत्र लिहू नका. एखाद्या देशाची शाखेत एकच मुलगी असते, नाव न देताही ती ओळखू येते.

मांजलपूरला माझं पार्लर आहे. नायजेरियाची एक मुलगी केस धुऊन विंचरून घ्यायला आली. नेहमीसारखा कंगवा लावला तर केस तुटले, ती नाराज होऊन गेली. हे केस हाताळायची पद्धत काय?

तो केस आपल्या केसासारखा गोल नसतो, त्याचा छेद चपटा असतो, आणि प्रत्येक वळणावर तो कच्चा असतो. टाळूचं तेल वळणं पार करून टोकापर्यंत पोहोचत नाही म्हणून केस कोरडे राहतात. कोरड्या केसांत बारीक दातांचा कंगवा मुळापासून खाली ओढला की तुटणारच.

केस सात ते चौदा दिवसांतून एकदाच धुवावे लागतात, ह्यात अस्वच्छता नाही. शाम्पू फक्त टाळूला लावा. मग भरपूर कंडिशनर लावून केसांचे सहा-आठ भाग करा, प्रत्येक भाग क्लिपनं बांधा. ओल्यातच, आधी बोटांनी आणि मग रुंद दातांच्या कंगव्यानं, टोकाकडून सुरुवात करून थोडं थोडं वर या. एक भाग सुटला की लगेच सैल पीळ घालून ठेवा, नाहीतर पुन्हा गुंततो. टॉवेलनं चोळू नका, सुती कापडानं टिपा. वाळल्यावर केस अर्ध्याहून आखूड दिसतील, ते आकसणं आहे. ‘वाढत नाहीत का?’ असं विचारू नका.

बारीक वेण्या घालायला चार ते आठ तास लागतात, म्हणून वेळ आणि दर आधी सांगा. सहा-आठ आठवड्यांनी त्या सोडाव्या लागतात. कपाळाच्या कडेचे केस घट्ट ओढले तर मुळाशी बारीक पुटकुळ्या येतात, रात्री दुखतं, आणि असं वारंवार झालं की कड कायमची विरळ होते. दुखतंय असं गिऱ्हाइकानं म्हटलं की वेणी सैल करा, ‘होईल सवय’ म्हणू नका.

‘स्ट्रेटनिंग करून टाक, सोपं पडेल’ हा सल्ला देऊ नका. ह्या मुलींनी तो शाळेपासून ऐकलेला असतो. २०१६ मध्ये प्रिटोरियातल्या एका मुलींच्या शाळेत नैसर्गिक केस ठेवण्यावरून विद्यार्थिनींना आंदोलन करावं लागलं. केसांच्या ठेवणीवरून नोकरी वा शाळा नाकारता येणार नाही असा कायदा करणारं पहिलं अमेरिकन राज्य कॅलिफोर्निया, तेही २०१९ मध्ये. शरीराचा प्रश्नही आहे. २०२२ मध्ये प्रसिद्ध झालेल्या, ३३ हजारांहून जास्त स्त्रियांच्या अमेरिकन अभ्यासात, वर्षातून चारपेक्षा जास्त वेळा रसायनानं केस सरळ करणाऱ्यांत सत्तरीपर्यंत गर्भाशयाच्या कर्करोगाचं प्रमाण सुमारे ४ टक्के निघालं, न करणाऱ्यांत १.६ टक्के. रसायनानंच रोग होतो असं ह्यावरून सिद्ध होत नाही, पण आग्रह धरण्याजोगी ही गोष्ट नक्कीच नाही.

मुलगा अटलांटाला असतो, सूनबाई तिथल्याच कृष्णवर्णीय कुटुंबातल्या. ह्या दिवाळीला सहा वर्षांची नात पहिल्यांदा कारेलीबागेत येते आहे. नातेवाईक काय बोलतील ह्याची धास्ती वाटते. आणि अभ्यंगस्नानाचं कसं करायचं?

आजी, नातेवाईकांशी आधीच बोला, ती आल्यावर नाही. फोनवर स्पष्ट सांगा की रंगाबद्दल, केसांबद्दल, ‘नाक मात्र आमच्याकडचं हं’ ह्याबद्दल पोरीसमोर एक शब्द नको. मराठी कळत नाही म्हणून चालेल, असं कुणी म्हणालं तर ऐकू नका, सूर आणि नजर मुलांना कळते. १९४० च्या दशकात केनेथ आणि मेमी क्लार्क ह्या मानसशास्त्रज्ञ दांपत्यानं तीन ते सात वर्षांच्या कृष्णवर्णीय मुलांपुढे सारख्याच बाहुल्या ठेवल्या, फरक फक्त रंगाचा. बहुसंख्य मुलांनी गोरी बाहुली चांगली ठरवली. ‘तुझ्यासारखी कोणती?’ असं त्यानंतर विचारल्यावर काही मुलं रडली, काही खोलीतून निघून गेली. शाळांतला वंशभेद बेकायदा ठरवणाऱ्या १९५४ च्या निकालात ह्या कामाचा आधार घेतला गेला.

दुसरी गोष्ट लक्षात ठेवा. अशा मुलींना मोठी माणसं त्यांच्या वयापेक्षा थोराड समजतात. जॉर्जटाऊन विद्यापीठाच्या २०१७ च्या अभ्यासात, पाच वर्षांच्या कृष्णवर्णीय मुलीलाही गोऱ्या मुलीपेक्षा कमी मायेची, कमी जपण्याची गरज आहे असं प्रौढांना वाटत असल्याचं दिसलं. म्हणून ती फटाक्याला घाबरली तर ‘एवढी मोठी घोडी’ म्हणू नका. मांडीवर घ्या.

अभ्यंगस्नान अवश्य करा, केस मात्र आईवर सोडा. उटणं अंगाला लावा, डोक्याला नको. आंबेहळद, नागरमोथ्याची पूड त्या दाट वळणांत अडकते आणि चार बादल्या पाण्यानंही निघत नाही. वेण्या घातलेल्या असतील तर सोडू नका. बोटाच्या टोकानं वेण्यांमधल्या भांगांत कोमट खोबरेल तेल लावा, वर टोपी घाला आणि मग पाणी. सूनबाईंना आधी विचारा, त्यांच्याकडेही आज्या नातींना पायांमध्ये बसवून डोक्याला तेल लावतात.

आणि सूनबाई पहिल्या दिवसापासून ओट्याशी उभ्या राहिल्या तर ‘किती कणखर, दमतच नाही’ असं कौतुक करून त्यांना तिथेच ठेवू नका. कारण पुढच्या उत्तरात आहे.

गोत्रीतल्या एका रुग्णालयात परिचारिका आहे. आमच्याकडे आफ्रिकन विद्यार्थिनी येतात. ‘ह्यांची सहनशक्ती जबरदस्त, ह्यांना इंजेक्शन कमी लागतं’ असं सीनियर म्हणतात. ह्यात तथ्य आहे का?

नाही. आणि ह्या समजुतीनं माणसं मरतात, म्हणून जरा सविस्तर.

१८४५ ते १८४९ दरम्यान अलाबामात जे. मॅरियन सिम्स ह्या डॉक्टरानं अनार्का, बेट्सी, लुसी आणि आणखी काही गुलाम स्त्रियांवर भूल न देता वारंवार शस्त्रक्रिया केल्या. त्याला ‘स्त्रीरोगशास्त्राचा जनक’ म्हणत आणि त्याचा पुतळा न्यूयॉर्कच्या सेंट्रल पार्कमध्ये होता. तो २०१८ मध्ये हलवला. समज मात्र हलला नाही. २०१६ मध्ये व्हर्जिनिया विद्यापीठातल्या गोऱ्या वैद्यकीय विद्यार्थी आणि निवासी डॉक्टरांना विचारलं, तर जवळजवळ निम्म्यांना ‘काळी कातडी जाड असते’ ह्यासारखं निदान एक खोटं विधान खरं वाटत होतं, आणि अशांनी कृष्णवर्णीय रुग्णाच्या वेदनेवर कमी योग्य उपचार सुचवले. २०२१ मध्ये अमेरिकेत दर एक लाख जन्मांमागे कृष्णवर्णीय मातांचे मृत्यू ६९.९ होते, गोऱ्या मातांचे २६.६. शिकलेल्या आणि पैसेवाल्या बायकाही ह्यातून सुटत नाहीत. टेनिसपटू सेरेना विल्यम्सनं २०१७ मध्ये बाळंतपणानंतर फुप्फुसात गुठळी असल्याची शंका स्वतः सांगितली, तरी तपासणीसाठी तिला आग्रह धरावा लागला.

ह्याचा दुसरा पदर बाईच्या आत असतो. नर्सिंगच्या संशोधक शेरिल वूड्स-जिस्कोम्बे ह्यांनी २०१० मध्ये दाखवलं की ‘कणखर कृष्णवर्णीय स्त्री’ ही प्रतिमा बायका स्वतःही उचलतात : ताकद दाखवायचीच, रडू गिळायचं, मदत मागायची नाही, साधनं नसली तरी यश मिळवायचं आणि आधी दुसऱ्यांचं बघायचं. ह्या गुणांनी त्यांना तारलेलंही असतं, म्हणून टाकवत नाहीत. पण झोप जाते, रक्तदाब वाढतो, डॉक्टरकडे जाणं लांबतं. तुमच्यापुढे शांत बसलेली मुलगी दुखत नाही म्हणून शांत आहे असं धरू नका.

करायचं असं : वेदना ० ते १० मध्ये तिलाच विचारा आणि तिनं सांगितलेला आकडा केसपेपरवर लिहा, तुमचा अंदाज नाही. औषध दिल्यावर तोंडानं दिलं असेल तर तासाभरानं, शिरेतून दिलं असेल तर १५ ते ३० मिनिटांनी पुन्हा विचारा. फिकेपणा पापणीच्या आत आणि तळहातावर पाहा, निळेपणा जिभेवर आणि ओठांच्या आतल्या बाजूला, कावीळ डोळ्यांच्या पांढऱ्यात. त्वचेचा दाह गडद रंगावर लाल न दिसता जांभळट किंवा करडा दिसतो, म्हणून हातानं उष्णता आणि सूज तपासा. पल्स ऑक्सिमीटरवर पूर्ण विसंबू नका. २०२० च्या एका अभ्यासात यंत्र ९२ ते ९६ टक्के दाखवत असताना प्रत्यक्षात ऑक्सिजन ८८ च्या खाली असल्याचं कृष्णवर्णीय रुग्णांत ११.७ टक्के वेळा आढळलं, गोऱ्यांत ३.६. धाप लागत असेल आणि आकडा बरा दिसत असेल तर रक्त तपासा. आपले सावळे रुग्णही ह्यात आलेच.

सिकलसेल तुम्हाला नवा नाही, छोटा उदेपूर आणि नर्मदा जिल्ह्यातले आदिवासी रुग्ण तुमच्याकडे येतच असतील. पश्चिम आणि मध्य आफ्रिकेतल्या मुलींतही तो आढळतो. हाडं फुटल्यासारखी दुखत असताना ‘नाटक करते’ किंवा ‘इंजेक्शनची सवय लागलीय’ हा शेरा दोघींनाही सारखाच मिळतो.

आमची मुलगी सावळी आहे. लग्नाच्या बाजारात तिनं कमी सोसलं का? मग परदेशी मुलींचंच दुःख वेगळं काढून का सांगता?

तिनं सोसलं, आणि ते खरं आहे. गोरेपणाचं प्रसिद्ध क्रीम १९७५ मध्ये बाजारात आलं आणि नावातला गोरेपणा जायला २०२० उजाडलं. सध्या दुसरा धोका मोठा आहे, दुकानातून परस्पर घेतलेलं स्टेरॉइडचं मलम. आठ-दहा दिवस चेहरा उजळतो, मग त्वचा पातळ होते, शिरा दिसतात, पुरळ येतं, आणि मलम बंद केलं की आग होते. २०१८ पासून अशी अनेक मलमं चिठ्ठीशिवाय विकायला बंदी आहे, तरी मिळतात. लेक वापरत असेल तर एकदम बंद न करता त्वचारोगतज्ज्ञाला दाखवा.

फरक एवढाच की तुमच्या लेकीला कुणी ‘तुझा देश कोणता, इथे काय करतेस’ असं विचारत नाही. हा प्रश्न आपल्या गुजरातच्या, मूळ आफ्रिकन वंशाच्या सिद्दी बायकांना मात्र विचारला जातो. भरूच जिल्ह्यात रतनपूरला, गीरमध्ये जांबूरला त्यांच्या कित्येक पिढ्या गेल्या, बोलतात त्या गुजराती. लोक त्यांना ‘धमाल’ ह्या त्यांच्या नाचापुरतं बोलावतात. १९८७ मध्ये क्रीडा प्राधिकरणानं सिद्दी मुलांना धावपटू करायची योजना आणली, त्यामागेही आफ्रिकन रक्त म्हणजे पळणारच हाच हिशेब होता. जांबूरच्या हीरबाई लोबींनी बायकांना बचत, शेती आणि बालवाडीच्या कामात उभं केलं आणि २०२३ मध्ये पद्मश्री मिळवली. मलिक अंबर आणि जंजिरा शाळेत शिकलेल्या मराठी माणसाला सिद्दी परके वाटावेत ह्याचं आम्हाला खरोखर वाईट वाटतं.

गणेशोत्सवातल्या एकांकिकेत ‘आफ्रिकन बाई’चं विनोदी पात्र आहे. एक मुलगा तोंडाला काळं फासून ते करतो. हरकत आहे का?

आहे. १८३० च्या दशकापासून अमेरिकेत गोरे नट जळक्या बुचाची काजळी फासून कृष्णवर्णीयांची टिंगल करायचे खेळ करत. त्यात बायकांची कामंही पुरुषच करत आणि ‘कुरूप, आडदांड, पुरुषी’ हा शिक्का तिथेच पक्का झाला. तुमच्या प्रेक्षकांत आता त्याच रंगाच्या मुली बसलेल्या असू शकतात. पात्राला विनोद कशामुळे येतो ते संहितेत शोधा. फक्त रंगामुळे आणि तुटक हिंदीमुळे येत असेल तर पात्र काढा. भाडं-पाण्यावरून घरमालकाशी झालेल्या गोंधळामुळे येत असेल तर पात्र ठेवा, रंग नको, आणि वसतिगृहातल्या एखाद्या मुलीला काम करशील का विचारा. हो म्हणाली तर संवाद तिला आधी वाचायला द्या.

रावपुऱ्यात फोटो स्टुडिओ आहे. आफ्रिकन मुलींचे पासपोर्ट फोटो काळवंडतात. उजळून दिले तर काही जणी चिडतात.

पांढऱ्या पडद्यामुळे कॅमेऱ्याला वाटतं उजेड भरपूर आहे, म्हणून तो चेहरा अंधारा घेतो. प्रकाश चेहऱ्यावर मोजा आणि एक्सपोजर अर्धा ते एक स्टॉप वाढवा. फ्लॅश सरळ मारू नका, कपाळ आणि गाल चमकतात. दोन्ही बाजूंनी छत्री किंवा सॉफ्टबॉक्स लावा, पडद्यावर वेगळा दिवा द्या. मुलीला पडद्यापासून चार-पाच फूट पुढे बसवा. काळे केस आणि गडद कपडे एकत्र विरघळत असतील तर मागून एक मंद दिवा पुरतो.

संगणकावर रंग उजळू नका. व्हिसाच्या फोटोत चेहऱ्याचा रंग बदलला तर अर्ज अडकू शकतो. २०१८ च्या एका प्रसिद्ध अमेरिकन चाचणीत चेहरा पाहून स्त्री की पुरुष हे ओळखणाऱ्या संगणकप्रणाली गडद वर्णाच्या स्त्रियांच्या बाबतीत ३४.७ टक्क्यांपर्यंत चुकल्या, उजळ पुरुषांत जास्तीत जास्त ०.८ टक्के. त्यात आपण आणखी भर घालू नये. आणि न विचारता गोरं करून दिलेला फोटो हातात पडला की मुलीला कळतं की समोरच्याला आपला चेहरा दुरुस्त करण्याजोगा वाटला. प्रिंट काढण्याआधी पडद्यावर दाखवा, ती हो म्हणाली की मगच काढा.